विकत घेतलेला गेम नेमका कुणाचा?

दहावीच्या सुट्टीत घेतलेला एखादा गेम आठवतोय? वाढदिवसाच्या पैशांतून, मामाच्या कार्डवरून, समर सेलमध्ये ऐंशी टक्के सूट दिसली म्हणून घेतलेला? आता हॉस्टेलच्या लॅपटॉपवर तो पुन्हा टाकायचा म्हणून शोधून बघा. काहींना दोन मिनिटांत सापडेल. काहींना लायब्ररीत भलतेच चार गेम दिसतील. आणि काहींना स्टोअर त्याच गेमची किंमत पुन्हा दाखवेल, जणू तुम्ही तो कधी घेतलाच नव्हता.

हा शेवटचा प्रकार डोकं फिरवणारा असतो. पण लगेच कंपनीला शिव्या घालू नका. बहुतेक वेळा गेम जागेवरच असतो, आपण चुकीच्या दारावर टकटक करत असतो. एपिक गेम्स स्टोअरचंच बघा. तिथे ईमेलने लॉगिन करता येतं, गूगलने येतं, फेसबुकने येतं, प्लेस्टेशन किंवा स्टीमच्या खात्यावरूनही येतं. जे बटण दाबाल त्याप्रमाणे खातं वेगळं तयार होऊ शकतं. मे २०२० मध्ये, ऐन लॉकडाऊनमध्ये, एपिकने जीटीए फाइव्ह चक्क फुकट दिला होता. इतकी झुंबड उडाली की स्टोअरच बसलं. त्या गडबडीत जे बटण समोर दिसलं त्यावरून अनेकांनी गेम पदरात पाडून घेतला. आज त्यातले कितीतरी जण 'माझा जीटीए गेला' म्हणून बसलेत. गेला नसेल हो. तुमच्या जुन्या फेसबुकच्या नावावर झोपलेला असेल.

म्हणून शोध लायब्ररीतून नाही, ईमेलमधून सुरू करा. आतापर्यंत वापरलेले सगळे मेल आठवा. गेमचं नाव, स्टोअरचं नाव, 'ऑर्डर', 'रिसीट' असे शब्द टाकून सर्च मारा. पावती ज्या मेलवर आली, गेम त्याच खात्यात आहे. पावती सापडलीच नाही तर पेमेंटकडून मागे या. यूपीआयचा इतिहास, घरच्यांच्या कार्डचं स्टेटमेंट, गिफ्ट कार्ड ज्याने दिलं तो मित्र. प्ले स्टोअरवर घेतलेला गेम असेल तर फोनमध्ये किती गूगल खाती आहेत ते आधी मोजा. खात्यागणिक 'मॅनेज ॲप्स अँड डिव्हाइस'मध्ये जाऊन 'नॉट इन्स्टॉल्ड' ही यादी उघडा. कधी काळी टाकलेलं आणि मग काढून टाकलेलं बरंच काही तिथे निघतं. ती यादी वाचणं म्हणजे स्वतःच्या नववी-दहावीचं उत्खनन आहे, एवढं सांगून ठेवते.

स्टीमवर गोष्ट थोडी सोपी आहे. लायब्ररीत दिसत नसेल तर आधी 'व्ह्यू'मध्ये जाऊन 'हिडन गेम्स' तपासा. परीक्षेच्या आधी स्वतःच लपवून ठेवलेले गेम नंतर स्वतःलाच सापडत नाहीत, हे आपल्यातल्या बऱ्याच जणांना माहीत आहे. तिथेही नसेल तर अकाउंट डिटेल्समध्ये जा. खरेदीचा सगळा इतिहास तारखेसकट मिळतो. त्याच पानावर आणखी एक दुवा आहे, तुम्ही खात्यात जोडलेल्या प्रत्येक गेमच्या नोंदीचा. तो उघडा आणि त्या यादीचं नाव नीट वाचा. तिथे 'तुमचे गेम्स' असं लिहिलेलं नाही. तिथे लिहिलंय 'लायसन्सेस'.

म्हणजे परवाने. खरी बातमी इथून सुरू होते.

मालक नाही, भाडेकरूही नाही

स्टोअरवर बटण असतं 'बाय'चं. आपण पैसे भरतो, मेल येतो, गेम लायब्ररीत येतो. पण 'आय ॲग्री'वर टिक करताना न वाचलेल्या करारात लिहिलेलं असतं की तुम्हाला गेम विकलेला नाही, वापरायची परवानगी दिली आहे. ही परवानगी दुसऱ्याला विकता येत नाही, देता येत नाही. स्टीमच्या करारानुसार खातं कुणाच्या नावावर करता येत नाही, म्हणजे मृत्युपत्रातही नाही.

मुंबईत जुन्या चाळींमध्ये पागडीची पद्धत आहे. सुरुवातीला घसघशीत रक्कम मोजायची, पिढ्यान्‌पिढ्या राहायचं, पण घराचे मालक म्हणून नाव दुसऱ्याचंच. आपली गेम लायब्ररी ही पागडीची खोली आहे असं मला आधी वाटलं होतं. मग लक्षात आलं, पागडीवाल्यांची अवस्था आपल्यापेक्षा बरी आहे. मालकाला त्याचा वाटा देऊन ते निदान खोली दुसऱ्याला देऊ शकतात, आणि त्यांच्या पाठीशी भाडे नियंत्रण कायदा आहे. आपल्या पाठीशी फक्त कस्टमर सपोर्टचा चॅटबॉट!

परवाना काढून घेतात म्हणजे नेमकं काय होतं, हे जगाला 'द क्रू' या गेमने दाखवलं. युबिसॉफ्टचा हा कार रेसिंगचा गेम डिसेंबर २०१४ मध्ये आला. अख्ख्या अमेरिकेचा छोटा नकाशा, त्यावर वाट्टेल तिथे गाडी पळवा. एकट्याने खेळायची मोठी कथाही त्यात होती, पण ती खेळतानासुद्धा कंपनीच्या सर्व्हरशी जोडलेलं असावं लागायचं. डिसेंबर २०२३ मध्ये गेमची विक्री थांबली. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाले. इथपर्यंत ठीक, ऑनलाइन गेम बंद पडतात. पण पुढच्या काही दिवसांत लोकांच्या युबिसॉफ्ट खात्यातून त्या गेमचा परवानाच काढला गेला. पैसे मोजलेली वस्तू लायब्ररीतून उचलून नेली. ज्यांच्याकडे दुकानातून आणलेली डिस्क होती त्यांच्याकडे उरली एक चकचकीत चकती, चहाच्या कपाखाली ठेवायला.

कॅलिफोर्नियात काही खेळाडू कोर्टात गेले. कंपनीची भूमिका साधी होती : तुम्ही परवाना घेतला होता, मालकी नाही. कायद्याच्या भाषेत ते बरोबर असेलही. पण मग बटणावर 'बाय' का लिहिलं होतं, हा प्रश्न शिल्लक राहतोच.

बटणावरचा शब्द

हा प्रश्न कॅलिफोर्नियाच्या विधिमंडळाने गंभीरपणे घेतला. सप्टेंबर २०२४ मध्ये तिथल्या गव्हर्नरांनी सही केलेला एक कायदा १ जानेवारी २०२५ पासून लागू झाला. डिजिटल वस्तू विकताना 'बाय' किंवा 'पर्चेस' असे शब्द वापरायचे असतील तर हा फक्त परवाना आहे, हे ग्राहकाला स्पष्ट सांगावं लागेल. ज्या वस्तू कायमच्या डाउनलोड करून इंटरनेटशिवाय वापरता येतात त्यांना यातून सूट आहे.

कायदा लागू होण्याआधीच, ऑक्टोबर २०२४ मध्ये, स्टीमने पैसे भरायच्या पानावर एक ओळ टाकली : या खरेदीतून तुम्हाला स्टीमवर त्या वस्तूचा परवाना मिळतो. पुढच्या सेलमध्ये कार्ट भरताना जरा खाली बघा. त्याच वेळी 'गॉग' नावाच्या पोलंडच्या स्टोअरने संधी साधली. ते गेमची पूर्ण इन्स्टॉलर फाइल देतात. ती हार्ड डिस्कवर उतरवून ठेवली की उद्या स्टोअर बंद पडलं तरी गेम चालतो. जाहिरात म्हणून त्यांनी हेच सांगितलं. धंदा आहे, ते करणारच. पण मुद्दा खोटा नव्हता.

आता सगळ्याच कंपन्या युबिसॉफ्टसारख्या वागतात असंही नाही, आणि सगळे प्रकार एकाच मापाने मोजणं योग्य नाही. 'डिलिस्ट' होणं आणि 'काढून घेणं' यात फरक आहे. फोर्झा होरायझन फोर डिसेंबर २०२४ मध्ये विक्रीतून गेला, पण ज्यांनी आधी घेतलाय ते खेळू शकतात. निन्टेंडोने मार्च २०२३ मध्ये थ्रीडीएस आणि वी यूचं ऑनलाइन दुकान बंद केलं, मायक्रोसॉफ्टने जुलै २०२४ मध्ये एक्सबॉक्स ३६० चं. दोन्हीकडे नवीन खरेदी बंद झाली, जुनी खरेदी पुन्हा डाउनलोड करायची सोय ठेवली. सोनीने तर २०२१ मध्ये प्लेस्टेशन थ्री आणि व्हिटाचं दुकान बंद करणार असं जाहीर केलं, लोक चिडले आणि काही आठवड्यांत निर्णय मागे घेतला. गूगलने स्टेडिया ही सेवा जानेवारी २०२३ मध्ये गुंडाळली तेव्हा गेमचे आणि कंट्रोलरचे पैसे परत दिले. स्टेडिया आपल्याकडे आलीच नव्हती, पण दुकान बंद करण्याची ही रीत लक्षात ठेवण्यासारखी आहे.

मधले प्रकारही आहेत, आणि तेच जास्त त्रासदायक. जीटीए फोरमधली कितीतरी गाणी २०१८ मध्ये एका अपडेटने उडाली, कारण संगीताच्या हक्कांची दहा वर्षांची मुदत संपली होती. गेम तुमच्याकडेच राहिला, फक्त गाडीतल्या रेडिओवरची गाणी गेली. माइनक्राफ्टचं तर थेट तुमच्या-माझ्या वयाशी नातं आहे. शाळेत असताना ज्यांनी मोजांगच्या जुन्या खात्यावर तो घेतला होता त्यांना खातं मायक्रोसॉफ्टकडे हलवायला सांगितलं गेलं. २०२३ मध्ये मुदत संपली. ज्यांनी तो मेल वाचला नाही त्यांचा गेम जुन्या खात्यातच अडकला. बारावीच्या वर्षात क्लासेसच्या टेस्ट सिरीजखाली दबलेले मेल कोण वाचतो?

कंपन्यांचं म्हणणं काय?

कंपन्यांची बाजू अगदीच पोकळ नाही. रेसिंग गेममधली प्रत्येक गाडी, प्रत्येक गाणं ठरावीक वर्षांसाठी भाड्याने घेतलेलं असतं. सर्व्हर चालवायला पैसे लागतात आणि पन्नास माणसं खेळत असलेल्या गेमसाठी ते कुणी कायम चालवणार नाही. खेळाडूंनी स्वतःचे सर्व्हर चालवावेत असं म्हटलं तर डेटाची सुरक्षितता, बेकायदा मजकूर यांची जबाबदारी कुणाची? व्हिडिओ गेम्स युरोप या उद्योगाच्या संघटनेने हेच मुद्दे मांडलेत, आणि असं बंधन आलं तर ऑनलाइन गेम बनवणं फार महागात जाईल असंही म्हटलंय.

पण हे उत्तर ज्या मागणीला दिलंय ती मागणी मुळात तेवढी मोठी नाही. 'द क्रू' बंद पडल्यावर रॉस स्कॉट या अमेरिकन यूट्यूबरने 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम सुरू केली. सर्व्हर आयुष्यभर चालवा असं ती म्हणत नाही. बंद करताना गेम चालण्याच्या अवस्थेत सोडून जा, एवढंच म्हणते. ऑफलाइन मोड द्या किंवा निदान लोकांना स्वतःची सोय करता येईल असं काहीतरी ठेवा. युरोपियन युनियनमध्ये नागरिकांना थेट कायद्याचा प्रस्ताव मागण्याची सोय आहे. त्यासाठी एका वर्षात दहा लाख सह्या लागतात, त्याही किमान सात देशांत ठरलेला कोटा पूर्ण करून. जुलै २०२५ मध्ये ही मोहीम तो आकडा ओलांडून गेली. दहा लाख सह्या म्हणजे कायदा झाला असं नाही, युरोपियन कमिशनला दखल घेऊन उत्तर द्यावं लागतं एवढंच. पण गेमसाठी दहा लाख माणसं आपलं नाव-गाव लिहून सही करतात, हे 'पोरं नुसता टाइमपास करतात' म्हणणाऱ्या काका मंडळींनी वाचायला हरकत नाही.

आणि मागणी अशक्य नाही याचा पुरावा खुद्द युबिसॉफ्टनेच दिला. टीका झाल्यावर 'द क्रू २' आणि 'मोटरफेस्ट' या पुढच्या गेम्सना ऑफलाइन मोड देण्याची घोषणा त्यांनी सप्टेंबर २०२४ मध्ये केली. म्हणजे करता येतं, फक्त गेम आखतानाच तसं ठरवावं लागतं. माझ्या मते वादाचा निकाल इथेच लागतो. गाड्यांच्या आणि गाण्यांच्या हक्कांचा मुद्दा विक्री थांबवायला पुरेसा आहे. विकून झालेली वस्तू परत घ्यायला तो पुरत नाही.

जुन्या वस्तू टिकवण्याचा प्रश्नही यातच आहे. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये पाहणी केली तेव्हा तिथे २०१० च्या आधी आलेल्या जुन्या गेम्सपैकी ८७ टक्के गेम आज बाजारात विकत मिळतच नाहीत असं दिसलं. सिनेमाच्या बाबतीत असं झालं असतं तर केवढा गदारोळ झाला असता.

आपल्याकडे काय?

आपल्याला याची चव वेगळ्या मार्गाने मिळाली. सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर बंदी आली, ऑक्टोबरअखेर सर्व्हरही भारतासाठी बंद झाले. पुढे बीजीएमआय आला, पबजीचा डेटा त्यात हलवायची सोय मिळाली. जुलै २०२२ मध्ये तोही स्टोअरवरून गेला, मे २०२३ मध्ये परतला. या सगळ्यात बातम्या होत्या देशाच्या सुरक्षेच्या आणि डेटाच्या. पॉकेटमनीतून घेतलेल्या स्किन्सचं काय, ही चर्चा कॉलेजच्या कट्ट्यापलीकडे फारशी गेलीच नाही. सरकारी बंदी आणि कंपनीने सर्व्हर बंद करणं या वेगळ्या गोष्टी आहेत हे मान्य, पण खिशाला दोन्ही सारख्याच लागतात.

कायद्याचं बघितलं तर कॅलिफोर्नियासारखा, थेट 'बाय' या शब्दावर बोट ठेवणारा नियम आपल्याकडे नाही. २०२५ चा ऑनलाइन गेमिंग कायदा आला तेव्हा सगळा भर पैसे लावून खेळायच्या गेम्सवर होता. नोव्हेंबर २०२३ मध्ये ग्राहकांना फसवणाऱ्या 'डार्क पॅटर्न्स'विरुद्ध केंद्राने नियमावली काढली, त्यात तेरा प्रकार दिलेत : खोटी घाई लावणं, कार्टमध्ये गुपचूप वस्तू टाकणं वगैरे. परवान्याला खरेदी म्हणणं हा प्रकार त्या यादीत नाही. तो चौदावा म्हणून घालावा, असं मला अगदी मनापासून वाटतं.

पण अगदीच हात रिकामे नाहीत. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ मध्ये 'अन्याय्य करार' ही कल्पना आहे. एका बाजूला वाजवी कारणाशिवाय एकतर्फी करार संपवायचा हक्क देणारी अट त्यात मोडते आणि अशा कराराविरुद्ध राज्य ग्राहक आयोगाकडे दाद मागता येते. आता चारशे रुपयांच्या गेमसाठी आयोगाकडे कोण जाणार, हा प्रश्न तुम्ही विचारालच. बरोबर आहे. कंपन्यांचं गणितही नेमकं तिथेच बसतं. एकेकट्याचं नुकसान एवढं छोटं की भांडण परवडत नाही. लॉ कॉलेजला असलेल्या मित्रमैत्रिणींनो, मूट कोर्टसाठी विषय शोधत असाल तर हा घ्या. बाकीच्यांनी निदान १९१५ हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा नंबर सेव्ह करून ठेवा.

कुणी म्हणेल, मग डिस्कच घ्या की. पुण्यात अप्पा बळवंत चौकात मागच्या वर्षीची पुस्तकं विकून पुढच्या वर्षाची घेतो, तसं लॅमिंग्टन रोडवर जुन्या गेमच्या डिस्क देऊन दुसऱ्या घेणारी पिढी होती. डिजिटल गेमला ही सोय नाही. फ्रान्समधल्या ग्राहक संघटनेने स्टीमविरुद्ध याच मुद्द्यावर केस केली होती. २०१९ मध्ये पॅरिसच्या कोर्टाने डिजिटल गेम पुन्हा विकता यायला हवेत असं म्हटलं, २०२२ मध्ये वरच्या कोर्टाने ते फिरवलं. आणि डिस्क-कार्डचंही आता काही खरं नाही. निन्टेंडो स्विच २ च्या कितीतरी गेम्सच्या डबीत जे कार्ड येतं त्यात गेमच नसतो, डाउनलोड करायची किल्ली तेवढी असते.

तेव्हा सध्या हातात आहे ते करू. सापडलेल्या गेम्सची यादी बनवा : कोणता गेम, कोणतं स्टोअर, कोणता मेल, कोणत्या तारखेची पावती. गॉगवर काही घेतलं असेल तर त्याचा इन्स्टॉलर आजच हार्ड डिस्कवर उतरवा. खात्याला जोडलेला मोबाइल नंबर अजून तुमच्याकडेच आहे ना, ते बघा. रिचार्ज न केलेला नंबर काही काळाने कंपनी दुसऱ्याच माणसाला देते आणि मग ओटीपी त्याला जातो. दोन वर्षं न उघडलेलं जीमेल खातं गूगल डिसेंबर २०२३ पासून काढून टाकू शकतं, त्यामुळे शाळेतल्या त्या अतरंगी नावाच्या आयडीवर एकदा लॉगिन करून या. आणि स्टुडंट डिस्काउंटच्या नादात कॉलेजच्या मेलवरून खातं उघडलं असेल तर मेल बदलून घ्या, कारण डिग्री हातात पडल्यावर बहुतेक कॉलेजं तो आयडी बंद करतात. शेवटचं सेमिस्टर चालू असेल तर हे काम सबमिशनच्या आधीच उरका.